ऑटोफॅजी : नोबेल उपवासाला मिळालेले नाही!

एकादशी जवळ आली की व्हॉट्सअ‍ॅपवर एक मेसेज फिरू लागतो : ‘उपवासाला नोबेल मिळाले, उपवासाने कॅन्सर बरा होतो.’ त्यातला ‘ऑटोफॅजी’ हा शब्द आधी नीट समजून घ्या.

ग्रीक भाषेत ‘ऑटो’ म्हणजे स्वतः आणि ‘फॅजी’ म्हणजे खाणे. पेशी आपले जुने, बिघडलेले भाग एका पिशवीत बंद करते, ते पचवते आणि त्यातले घटक पुन्हा वापरते. क्रिस्तियन द ड्यूव्ह यांनी १९६३ मध्ये या क्रियेला हे नाव दिले. तुम्ही पोटभर जेवलात तरी हे काम थोडेफार चालूच असते. उपासमारीत ते वाढते. योशिनोरी ओसुमी यांना २०१६चे नोबेल मिळाले ते ही यंत्रणा उलगडल्याबद्दल. त्यांचे मुख्य प्रयोग यीस्टच्या पेशींवर होते, माणसांच्या उपवासावर नव्हते. उलट, हीच क्रिया कधीकधी कॅन्सरच्या पेशींनाही तगून राहायला मदत करते.

माझा आक्षेप उपवासाला नाही. पण इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइडसारखी गोळी घेऊन दिवसभर उपाशी राहिलात, तर साखर एकदम उतरते. घाम सुटतो, हातपाय थरथरतात, माणूस बेशुद्धही पडू शकतो. साबुदाण्याची खिचडी खाल्लीत, तर साखर वाढते.

उपवास श्रद्धेने करा, पण मधुमेह असेल तर आधी डॉक्टरांकडून डोस ठरवून घ्या. आणि कॅन्सरचे उपचार अशा मेसेजवर विसंबून कधीही थांबवू नका.