निकालामागची कारणे

कुटुंब न्यायालय अधिनियम, १९८४ च्या कलम १७ नुसार निकालपत्रात प्रकरणाची थोडक्यात हकीकत, निर्णयासाठीचे मुद्दे, त्यांवरचा निर्णय आणि त्या निर्णयाची कारणे असावी लागतात. यातली कारणे सर्वांत महत्त्वाची, कारण याच कायद्याने न्यायाधीशांना इतरत्र मोठी मोकळीक दिली आहे. पुरावा कायद्यात न बसणारा अहवालही त्यांना विचारात घेता येतो. साक्ष शब्दशः न उतरवता तिचा सारांश नोंदवला तरी चालतो. वकील देणे हा पक्षकाराचा हक्क नाही. घरातली भांडणे लवकर मिटावीत म्हणून दिलेली ही मोकळीक योग्यच आहे. पण त्यामुळे कोणाचे म्हणणे का पटले, हे कळण्याची जागा निकालपत्राशिवाय दुसरी उरत नाही. कारणेच नसतील तर अपिलात खोडायचे काय?

दहा लाखांहून अधिक वस्तीच्या शहरासाठी असे न्यायालय स्थापणे राज्यावर बंधनकारक आहे. महाड-पोलादपूरला ते नाही. इथले घटस्फोटाचे दावे दिवाणी न्यायालयात आणि पोटगीचे अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालतात. तिथे कलम १७ लागू नसले तरी कर्तव्य तेच आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २०, नियम ४ कारणे मागतो. त्याच नियमाने लघुवाद न्यायालयाला कारणे न लिहिण्याची सवलत दिली आहे. मोडत्या संसाराच्या निकालाला ती नाही.

पोटगीत हे कर्तव्य सर्वाधिक जाणवते. नवरा मुंबईला नोकरीला, बायको मुलांसह पोलादपूरच्या वाडीत, आणि अर्ज दोन-तीन वर्षे चाललेला, अशा वेळी रक्कम अर्जाच्या तारखेपासून मिळणार की आदेशाच्या, यावर घरावरचे कर्ज फिटणे अवलंबून असते. दोन्हींपैकी कोणतीही तारीख निवडली तरी तिचे कारण आदेशात दिसले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितले. पुढे नागपूरच्या एका दांपत्याच्या प्रकरणात, ४ नोव्हेंबर २०२० रोजी, पोटगी अर्जाच्या तारखेपासूनच द्यावी असे ठरले आणि दोन्ही पक्षांनी उत्पन्न, मालमत्ता व देणी यांचे प्रतिज्ञापत्र देणे आवश्यक झाले. ही कागदपत्रे समोर असताना ‘दोन्ही बाजू ऐकल्या, अर्ज अंशतः मंजूर’ एवढ्यावर आदेश संपवणे हा अन्याय आहे. कोणते उत्पन्न धरले, कोणते नाकारले, मुलांच्या शाळेचा खर्च किती मानला, हे लिहिलेच पाहिजे. मुलाच्या ताब्याच्या निकालात तर मुलाशी बोलून न्यायाधीशांना काय जाणवले, हेही.

कारणांचे मोल महाडला नवे नाही. चवदार तळ्याचा दावा १९२७ साली इथल्याच न्यायालयात दाखल झाला आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयात संपला. अस्पृश्यांना मनाई करणारी रूढी अनादी असल्याचे वादींना सिद्ध करता आले नाही, हे कारण त्या निकालात नोंदलेले आहे. म्हणूनच तो आजही अभ्यासता येतो.

हिंदू विवाह कायद्याखाली घटस्फोटाच्या हुकूमनाम्याची प्रत दोन्ही पक्षांना मोफत मिळते. कारणे मात्र निकालपत्रात असतात. तेव्हा पक्षकारांनी निकालपत्राची प्रमाणित नक्कल लगेच मागावी, आणि अपिलाची मुदत संपण्यापूर्वी त्यातली कारणे वकिलांकडून समजून घ्यावीत.