पाणी आले, पण कशामुळे?

झाशीच्या जुन्या तटबंदीतील दतिया गेटमधून बाहेर पडणारी वाट ज्या दतियाकडे जाते, ते शहर सुमारे 30 किलोमीटरवर आहे. पण ते दुसऱ्या राज्यात आहे. झाशी उत्तर प्रदेशात, दतिया मध्य प्रदेशात. खडक तोच, पाऊस जवळपास तेवढाच, बोलीही बुंदेलीच. बदलते ते सरकार. धोरणांचे परिणाम तपासणाऱ्यासाठी अशी सीमा म्हणजे आयती प्रयोगशाळा होय. आपण मात्र तिचा उपयोग क्वचितच करतो.

केंद्र सरकारने 2009 मध्ये बुंदेलखंडासाठी 7,266 कोटी रुपयांचे पॅकेज मंजूर केले. त्यात उत्तर प्रदेशातील 7 आणि मध्य प्रदेशातील 6 जिल्हे होते. अशा योजनांचे यश बहुधा ‘आधी’ आणि ‘नंतर’ यांच्या तुलनेतून मांडले जाते. माझा आक्षेप याच पद्धतीला आहे. मदत जाहीर होते ती दुष्काळाने कळस गाठल्यावर. सर्वांत वाईट वर्षांनंतरची वर्षे, काहीही न करता, बरीच बरी जाण्याची शक्यता असते. त्या सुधारणेचे श्रेय योजनेला देणे म्हणजे पावसाची कमाई सरकारी खात्यावर जमा करणे. शिवाय ओढे चांगले आणि पंचायत जागरूक, अशी गावे कामांसाठी आधी निवडली गेली, तर त्यांचे यश कामाचे की मूळ स्थितीचे, हे कसे ठरवणार?

महाराष्ट्राला हा वाद नवा नाही. जलयुक्त शिवार अभियानावर सुमारे 9,634 कोटी रुपये खर्च होऊनही पाण्याची गरज भागवण्यात आणि भूजल पातळी वाढवण्यात त्याचा फारसा परिणाम झाला नाही, असा निष्कर्ष ‘कॅग’ने 2020 मध्ये मांडला. समर्थकांनी भरलेल्या विहिरी दाखवल्या, विरोधकांनी टँकर. काम न झालेल्या सारख्याच गावांशी तुलना केल्याशिवाय यांपैकी काहीच सिद्ध होत नाही.

सीमेचा उपयोग कसा करावा, हे डेव्हिड कार्ड आणि ॲलन क्रूगर यांनी दाखवले. न्यू जर्सीने 1992 मध्ये किमान वेतन वाढवले, शेजारच्या पेनसिल्व्हेनियाने नाही. दोन्हीकडील फास्ट फूड उपाहारगृहांची तुलना केल्यावर रोजगार घटल्याचे दिसले नाही. कार्ड यांना 2021 मध्ये नोबेल मिळाले.

तरीही झाशी आणि दतिया यांच्या तुलनेला मर्यादा आहे. पॅकेज दोन्हीकडे पोहोचले होते. म्हणून ही तुलना फार तर राज्यांच्या अंमलबजावणीतील फरक सांगेल, पॅकेजचा परिणाम नव्हे. त्यासाठी काम न झालेले क्षेत्रही मोजावे लागते. झाशीजवळच्या गढकुंडार-डाबर पाणलोटात संशोधकांनी तेच केले: उपचारित पाणलोटाच्या जोडीने उपचार न केलेल्या पाणलोटाचीही मोजणी केली.

हा प्रश्न आज तातडीचा आहे. 25 डिसेंबर 2024 रोजी पायाभरणी झालेल्या केन-बेतवा जोडप्रकल्पाचा अंदाजित खर्च 44,605 कोटी रुपये असून 10.62 लाख हेक्टर सिंचनाचे आश्वासन आहे. लाभक्षेत्रात झाशी आणि दतिया हे दोन्ही जिल्हे आहेत. कालव्यात पाणी येण्याआधीच विहिरींची पातळी, पिके, स्थलांतर यांची नोंद लाभक्षेत्राच्या आत आणि बाहेर सुरू व्हावी, आणि ती सार्वजनिक असावी, असे मला वाटते. पाणी सगळीकडे एकाच दिवशी पोहोचणार नाही. तो आगेमागेपणाही तुलनेच्या कामी येईल. ही संधी हुकली, तर नंतर कितीही प्रगत संख्याशास्त्र वापरले तरी न केलेल्या नोंदी भरून निघणार नाहीत.

या प्रकल्पासाठी पन्ना परिसरातील जंगल पाण्याखाली जाणार आहे, गावे उठणार आहेत. ज्यांच्याकडून एवढी किंमत घेतली जाते, त्यांना तिच्या बदल्यात नेमके काय साधले, याचे पुराव्यानिशी उत्तर मिळायला हवे. ते उत्तर केवळ उद्घाटनाच्या भाषणातून मिळणार नाही.