आपल्या गड्याला बाहेर काढणारा कर्णधार

सप्टेंबर २०२२. कोइमतूरला दुलीप करंडकाच्या अंतिम सामन्याचा शेवटचा दिवस. पश्चिम विभागाचा विजय जवळजवळ पक्का झालेला. दुसऱ्या डावात २६५ धावा कुटलेला वीस वर्षांचा यशस्वी जयस्वाल क्षेत्ररक्षण करताना दक्षिण विभागाच्या रवी तेजाला सारखं काहीबाही बोलत होता. पंचांनी समज दिली, तरी तोंड थांबेना. तेव्हा कर्णधार अजिंक्य रहाणे त्याच्याजवळ गेला, दोन शब्द बोलला आणि त्याला सरळ मैदानाबाहेर पाठवून दिलं. काही षटकांनी जयस्वाल परत आला. सामना पश्चिम विभागाने २९४ धावांनी जिंकला आणि सामनावीरही जयस्वालच ठरला.

रहाणेचा जन्म आश्वी खुर्दचा, म्हणजे आमच्या राहाता तालुक्याला खेटून असलेल्या संगमनेर तालुक्यातला. आमच्या गावात, पुणतांब्यात, त्याच्या शतकांबद्दल भरभरून बोललं जातं. मला मात्र त्याच्या शतकांइतकाच हा प्रसंग मोलाचा वाटतो. प्रतिस्पर्ध्याच्या चुकीवर बोट कोणीही ठेवतो. सामन्यात सगळ्यांत जास्त धावा केलेल्या आपल्याच गड्याला ‘तू चुकलास, बाहेर जा’ म्हणायला वेगळी छाती लागते.

खिलाडूवृत्ती खेळाडूच्या स्वभावात असते, असं आपण धरून चालतो. असली तर असली, नसली तर नाही. मला हे पटत नाही. विशीतलं पोर, अंगात रग, हजारो डोळे आपल्यावर. अशा वेळी तोल जाणारच. तो सावरायला आपल्याच बाजूचं एखादं वडीलधारं माणूस लागतं. पंचांनी किंवा पोलिसांनी आवरलं तर तो बंदोबस्त होतो. आपल्या माणसाने आवरलं तर तो संस्कार होतो.

आपल्याच जिल्ह्यातली गोष्ट आहे. फेब्रुवारी २०२५ मध्ये अहिल्यानगरला महाराष्ट्र केसरीच्या गादी विभागाच्या निर्णायक कुस्तीत पंचांनी पृथ्वीराज मोहोळच्या बाजूने चितपटीचा निकाल दिला. आपली पाठ टेकलीच नाही, असं शिवराज राक्षेचं म्हणणं होतं. वाद पेटला आणि २०२३ साली पुण्यात मानाची गदा उंचावलेल्या या मल्लाने पंचांना लाथ मारली. पुढे अंतिम लढतीत महेंद्र गायकवाडनेही निर्णय न पटल्याने मैदान सोडलं. दोघांवर तीन वर्षांची बंदी आली. पंचांचा निर्णय बरोबर की चूक, यावर पारावर आजही वाद होतात. पण त्या रात्री मोहोळने गदा कशी जिंकली हे फारसं कोणाला आठवत नाही. लाथ मात्र सगळ्यांना आठवते. अख्ख्या तालमीच्या घामावर पाणी पडलं ते असं.

खिलाडूवृत्ती म्हणजे अन्याय मुकाट्याने गिळणं, असं कोणी म्हणेल तर तेही मला मान्य नाही. १ जून २०१७ ला ज्या गावातून शेतकरी संपाला सुरुवात झाली, त्या आमच्या पुणतांब्यात तरी हे कोणी सांगू नये. दाद मागायचीच, पण कुठे आणि कशी, हे खाशाबा जाधवांकडून शिकावं. १९५२ च्या ऑलिम्पिकच्या निवडीत गुणांचा अन्याय झाला असं त्यांना वाटलं. त्यांनी पंचांशी झोंबाझोंबी केली नाही. पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली, कुस्ती पुन्हा लावून घेतली आणि आखाड्यातच उत्तर दिलं. हेलसिंकीहून ते कांस्यपदक घेऊन आले.

मोठमोठ्यांचाही तोल जातो. १९८१ मध्ये मेलबर्नला पायचीत दिल्यावर संतापलेले सुनील गावसकर साथीदार चेतन चौहानांना घेऊन मैदानाबाहेर निघाले होते. सीमारेषेपाशी संघाचे व्यवस्थापक विंग कमांडर दुर्राणी आडवे आले आणि त्यांनी चौहानांना परत खेळायला धाडलं. दोघेही बाहेर गेले असते तर सामना हातचा जाण्याची वेळ होती. पुढे भारताने ऑस्ट्रेलियाला ८३ धावांत गुंडाळलं आणि सामना ५९ धावांनी जिंकला. त्या कृतीची खंत गावसकरांनी नंतर उघडपणे बोलून दाखवली. वेळेवर आडव्या आलेल्या एका माणसाने केवढी नामुष्की टाळली!

आता आपल्या गावाकडे या. सोयाबीन निघालं की मोकळ्या रानात टेनिस बॉलचे सामने सुरू होतात. अशाच एका सामन्यात चुन्याच्या रेषेवर उभ्या असलेल्या पोराने उंच उडालेला झेल टिपला. त्याची बाजू नाचायला लागली. पोराने खाली पाहिलं, चुना बुटाला लागला होता. त्याने चेंडू खाली ठेवला आणि दोन्ही हात वर केले, म्हणजे षटकार. पंच लांब होता, त्याला काही दिसलं नव्हतं. तेवढ्यात मागून त्याच्याच बाजूच्या एका थोराने आवाज टाकला, ‘कोनी इचारलं व्हतं का रे तुला?’ पोराने मान खाली घातली आणि जागेवर जाऊन उभा राहिला. पुढच्या षटकात त्याला तिथून हलवलं.

त्या पोराला कोणी खिलाडूवृत्ती शिकवायची गरज नव्हती. ती त्याच्याकडे होती. आपण मोठी माणसं ती त्याच्याकडून काढून घेत होतो. पुढे हाच पोरगा पंचांच्या अंगावर धावून गेला तर ‘आजची पिढी’ म्हणून नाक मुरडायचा हक्क आपल्याला उरत नाही.

‘मग काय सामना हरायचा?’ असं कोणी विचारेल. कधीकधी हो. १९८० मध्ये वानखेडेवर क्रिकेट मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी कसोटीत इंग्लंडचे पाच गडी ५८ धावांत बाद झाले होते. पंचांनी बॉब टेलरला झेलबाद दिलं. चेंडू बॅटला लागला नव्हता, म्हणून कर्णधार गुंडप्पा विश्वनाथने त्याला परत बोलावलं. टेलर आणि बोथमने १७१ धावा जोडल्या आणि भारत दहा गड्यांनी हरला. तो पराभव कागदावर आहे. विश्वनाथचं नाव आजही आदराने निघतं, त्यात त्या परत बोलावण्याचा मोठा वाटा आहे.

आणि आपलं माणूस आपल्याला थांबवतं, त्यात कमीपणा तरी कसला? आमच्या गावात गोदाकाठी चांगदेवांची समाधी आहे. योगबळाने चौदाशे वर्षं जगलेला, वाघावर बसून निघालेला हा सिद्ध, अशी त्यांची आख्यायिका. इतका मोठा माणूस ज्ञानदेवांपुढे नमला आणि वयाने लेकीनातीसारख्या मुक्ताईला त्याने गुरू केलं. समोरचा सरस आहे हे कळताच मान झुकवली, म्हणून परंपरेने त्यांना लहान ठरवलं नाही. संतांच्या मांदियाळीत जागा दिली. जयस्वालचंही तसंच, बाहेर काढल्याने तोही लहान ठरला नाही. कोइमतूरनंतर दहा महिन्यांनी त्याने वेस्ट इंडिजमध्ये पहिल्याच कसोटीत १७१ धावा केल्या आणि त्या भारतीय संघाचा उपकर्णधार रहाणेच होता.

कुस्त्यांच्या हगाम्यात जोड लागते तेव्हा दोन्ही मल्ल आधी एकमेकांच्या अंगावर माती टाकतात, हात मिळवतात, मग खडाखडी सुरू होते. समोरचा गडी आहे म्हणून आपली कुस्ती आहे, ही जाणीव त्यात आहे. ती टिकवायचं काम वस्तादांचं, कर्णधाराचं, आयोजकांचं आणि कडेला बसलेल्या आपल्या सगळ्यांचं आहे.

म्हणून यंदा गावाचा संघ निवडताना एवढं करू. कर्णधार कोण, हे ठरवण्याआधी त्याला विचारू, ‘आपला सगळ्यांत भारी गडी पंचांशी वाकडा वागला, तर तू त्याला बाहेर काढशील का?’ जो लगेच ‘हो’ म्हणेल, त्यालाच कर्णधार करू. आणि त्याने खरंच कोणाला बाहेर काढलं, तर त्या दिवशी सामना गेला तरी गावाने त्याच्या पाठीशी उभं राहायचं.