खोट्या काट्यावर खरे माप



दहावीचा निकाल लागला की आपल्या वस्त्यांमधून एक वाक्य हमखास कानावर येते. बारामतीत ऐका, नाहीतर इंदापूर तालुक्यातल्या एखाद्या वाडीवर ऐका. वाक्य तेच असते. "सायन्स आपल्याला झेपायचं नाही. दुसरीकडं कुठंतरी टाका पोरीला."

मुलीला दुसऱ्या विषयाची आवड असेल तर तिला खुशाल तिकडे घालावे. आर्ट्स वाईट नाही आणि आयटीआय तर मुळीच वाईट नाही. अडचण त्या "आपल्याला" या शब्दाची आहे. हा शब्द मुलीचे मार्क बघून आलेला नसतो. पिढ्यान्‌पिढ्या आपल्या मनात घालून ठेवलेल्या भीतीतून तो येतो. शिकवणीची फी, एसटीचा पास, वह्या-पुस्तके हा खर्चाचा प्रश्न खराच आहे. त्यासाठी शिष्यवृत्तीची आणि वसतिगृहाची लढाई चालूच ठेवावी लागेल. पण पुष्कळ घरांत खर्चाचा हिशोब होण्याआधीच भीती निकाल देऊन मोकळी होते. या भीतीवर एक स्वस्त औषध आहे. रोजच्या जगण्यातले भौतिकशास्त्र हसतखेळत सांगणारी पुस्तके, हे ते औषध. आज त्यांच्याविषयी लिहितो.

हाताला येते, पण शब्द नाहीत

भौतिकशास्त्र म्हणजे काचेची नळी आणि फळ्यावरची सूत्रे, अशी आपली समजूत करून दिलेली आहे. प्रत्यक्षात हे शास्त्र आपली माणसे रोज हाताने वापरतात.

विहिरीवर मोटर बसवणाऱ्या गड्याला विचारा. तो सांगेल, पाणी सात-आठ मीटरच्या खाली गेले की काठावरची मोटर पाणी उचलत नाही, ती खाली घ्यावी लागते. हे त्याला अनुभवाने ठाऊक असते. कारण असे, की काठावरची मोटर पाणी ओढतच नाही. ती पाइपातला दाब कमी करते आणि बाहेरच्या हवेचा दाब विहिरीतले पाणी पाइपात वर ढकलतो. हवेचा दाब पाण्याला फार तर दहा मीटर वर चढवू शकतो. गळती आणि घर्षण वजा जाता हाती सात-आठ मीटरच उरतात. म्हणून खोल बोअरमध्ये सबमर्सिबल सोडावी लागते. ती पाण्यात बसून खालून ढकलते.

गंमत पुढेच आहे. गॅलिलिओच्या १६३८ साली छापलेल्या ग्रंथात पंपाच्या एका कारागिराचा किस्सा येतो. मालकाला वाटले की पंप बिघडला. कारागीर म्हणाला, पंप ठीक आहे, पाणीच फार खाली गेले आहे, एवढ्या खालून कुठलाच पंप ते उचलणार नाही. हे कोडे पुढे गॅलिलिओचा शिष्य टॉरिचेली याने १६४३-४४ च्या सुमारास सोडवले आणि हवेला वजन व दाब असतो हे जगाला कळले. म्हणजे आधी प्रश्न कारागिराच्या हातात आला, मग शास्त्रज्ञाच्या डोक्यात गेला.

अशी उदाहरणे आपल्या घरोघरी आहेत. फॅब्रिकेशन करणारा पत्र्याच्या शेडला कैची त्रिकोणातच बांधतो, कारण चौकोन हलतो आणि त्रिकोण हलत नाही. जुना कारागीर बैलगाडीच्या लाकडी चाकावर लोखंडी धाव तापवून चढवतो आणि वर पाणी ओततो. तापलेले लोखंड फुगलेले असते, निवताना ते आकसते आणि चाक आवळून धरते. आपल्या घरातला माठ घ्या. पाणी झिरपून बाहेर येते, त्याची वाफ होते आणि वाफ होताना ती आतल्या पाण्याची उष्णता घेऊन जाते. पावसाळ्यात हवा दमट असते, वाफ कमी होते, म्हणून माठ तितका गार करत नाही. या माठाला शिवू नका म्हणणारे आपल्या आजोबांना पावलोपावली भेटले. माठातले पाणी गार होण्याच्या नियमाला मात्र शिवणाऱ्याची जात कधी कळली नाही.

तर हाताला हे सगळे येते, पण त्याला शब्द नाहीत. शाळेच्या पुस्तकात शब्द आहेत, पण त्यात हात दिसत नाहीत. या दोघांची गाठ घालून देणारे पुस्तक हवे.

पेरेलमन यांचा तराजू

असे पुस्तक लिहिणाऱ्यांत याकोव पेरेलमन यांचे नाव पहिल्या रांगेत घ्यावे लागेल. जन्म १८८२ चा. शिक्षण वनविद्येचे, तेही सेंट पीटर्सबर्गच्या वनविद्या संस्थेत. म्हणजे ते मोठे भौतिकशास्त्रज्ञ नव्हते, पण समजावून सांगणारे होते. १९१३ साली त्यांचे मनोरंजक भौतिकशास्त्रावरचे पुस्तक रशियन भाषेत निघाले आणि जगभर गेले. मॉस्कोच्या मीर प्रकाशनाने ते हिंदीतही "मनोरंजक भौतिकी" या नावाने काढले. दुसऱ्या महायुद्धात लेनिनग्राडला वेढा पडला. त्या उपासमारीत १९४२ साली पेरेलमन गेले. लाखो मुलांना हसवत शिकवणारा माणूस भुकेने गेला, हे विसरू नये.

त्यांची रीत साधी आहे. ते व्याख्येपासून सुरुवात करीत नाहीत, प्रश्नापासून करतात. कागदाच्या डब्यात पाणी उकळता येईल का? अंडे न फोडता ते उकडलेले आहे की कच्चे, हे कसे ओळखाल? वाचणारा आधी विचारात पडतो आणि मगच उत्तराकडे जातो.

त्यांच्या पुस्तकातला एक प्रश्न आपल्या भागात तर पाठच करून ठेवण्यासारखा आहे. तराजू खोटा असेल तर त्यावर खरे वजन करता येईल का?

"काटा मारणे" म्हणजे काय, हे आपल्याला कुणी शिकवायला नको. शेतमालाचा, किराण्याचा, रद्दीचा काटा कष्ट करणाऱ्याच्या विरुद्ध झुकतो, हा अनुभव जुना आहे. आता उत्तर ऐका. माल एका पारड्यात ठेवा. दुसऱ्या पारड्यात वाळू टाकत जा आणि काटा मध्ये आणा. आता वाळूला हात लावू नका. फक्त माल उचला आणि मालाच्याच जागी वजने ठेवत जा. काटा पुन्हा मध्ये आला की जितकी वजने, तितकाच माल. तराजूची दांडी एका बाजूला लांब असो की पारडे जड असो, काही फरक पडत नाही. कारण माल आणि वजने दोन्ही एकाच पारड्यात, त्याच वाळूसमोर तोलली गेली. खोटेपणा दोघांच्या वाट्याला सारखाच आला. अट एवढीच की वजने खरी हवीत.

घरी करून पाहा. एक काठी घ्या. ती मुद्दाम मधोमध न बांधता थोडी बाजूला बांधून टांगा, दोन्ही टोकांना नारळाच्या करवंट्या लावा आणि वरचा प्रयोग करा. मुलांना तरफ कळेल आणि मोठ्यांना आणखी काही कळेल. आज बहुतेक ठिकाणी इलेक्ट्रॉनिक काटा आला आहे, पण तत्त्व तेच आहे. आधी शून्य दिसते का पाहा आणि खात्रीच्या वजनाची वस्तू ठेवून पाहा. शंका आली तर वैधमापन विभागाकडे तक्रार करता येते. मी कॉमर्सचा पदवीधर आहे, जमा-खर्चाच्या दोन बाजू जुळवणे हे माझे रोजचे काम. पण हिशोब कागदावर जुळला म्हणून तो खरा होत नाही, मुळात मापच खरे हवे. हे मला या एका पानाने जितके पटवले तितके कुठल्या खतावणीने पटवले नाही.

लोहाराचा मुलगा आणि मेणबत्ती

अशी पुस्तके वाचून काय होते, असे विचारणाऱ्यांना मायकेल फॅरेडे यांची गोष्ट सांगावी. इंग्लंडमधल्या एका लोहाराचा हा मुलगा. जन्म १७९१ चा. शाळा नावालाच झाली आणि १८०५ साली तो पुस्तके बांधणाऱ्याकडे उमेदवारीला लागला. बांधायला आलेली पुस्तके तो वाचायचा. त्यात जेन मार्सेट या बाईंनी सामान्य वाचकांसाठी संवादरूपात लिहिलेले रसायनशास्त्राचे पुस्तक होते. त्या पुस्तकाने त्याला विज्ञानाची वाट दाखवली. १८१३ साली तो लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मदतनीस म्हणून लागला. मोठ्या शास्त्रज्ञाबरोबर परदेश दौऱ्यावर गेला, तेव्हा त्याला नोकर म्हणून वेगळे जेवायला बसवले जाई. याच माणसाने १८२१ साली विजेने तार फिरवून दाखवली आणि १८३१ साली चुंबकापासून वीज काढून दाखवली. आपल्या विहिरीवरच्या मोटरीचे मूळ तिथे आहे.

आपल्या देशातले उदाहरण मेघनाद साहा यांचे. १८९३ साली ढाक्याजवळच्या खेड्यात, गरीब दुकानदाराच्या घरी जन्म. कलकत्त्याच्या वसतिगृहात वरच्या जातीच्या मुलांनी त्यांच्या पंक्तीला बसायला नकार दिला. पुढे १९२० साली त्यांनी जे समीकरण मांडले, त्याने ताऱ्यांच्या प्रकाशावरून त्यांचे तापमान सांगता येऊ लागले. पंक्तीतून उठवलेल्या माणसाने आकाश वाचून दाखवले.

फॅरेडे मोठे झाले तरी मुलांना विसरले नाहीत. मेणबत्ती या एकाच विषयावर त्यांनी मुलांसमोर व्याख्याने दिली, त्यांचे पुस्तक १८६१ साली निघाले. मेणबत्ती तर आपल्या घरोघरी, विहारात तथागतांच्या मूर्तीपुढे रोज लागते. वंदना झाल्यावर मोठ्या माणसाने मुलांना हे करून दाखवावे. मेणबत्ती फुंकर मारून विझवा. वातीतून पांढरा धूर वर जाईल. पेटलेली काडी वातीला न लावता, वर त्या धुराला लावा. ज्योत धुरातून उडी मारून वातीवर येते. म्हणजे जळते ती वात नव्हे, जळते ती मेणाची वाफ. वितळलेले मेण वातीतून वर चढते, जसे टॉवेलचे टोक पाण्यात बुडाले की पाणी वर चढते. एवढे पाहिलेले मूल मेणबत्तीकडे पुन्हा पूर्वीच्या नजरेने बघत नाही.

आगकाडी आणि व्हॉल्व्हची नळी

हे सगळे परदेशातलेच आहे असे समजू नका. अरविंद गुप्ता १९७५ साली कानपूरच्या आयआयटीतून इंजिनिअर झाले आणि पुण्यात टेल्कोमध्ये नोकरीला लागले. १९७८ साली ते मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद विज्ञान कार्यक्रमात गेले. खेड्यातल्या मुलांकडे प्रयोगशाळा नाही, मग त्यांनी आगकाड्या आणि सायकलच्या व्हॉल्व्हची रबरी नळी घेतली. नळीचा तुकडा सांधा झाला, काडी दांडी झाली. तीन काड्यांचा त्रिकोण हलत नाही, चार काड्यांचा चौकोन लगेच तिरका होतो. आपली पत्र्याच्या शेडची कैची चार आण्याच्या सामानात मुलाच्या हातात आली. त्यांची पुस्तके अनेक भारतीय भाषांत गेली. पुढे पुण्याच्या आयुकामध्ये, म्हणजे जयंत नारळीकर यांनी १९८८ साली उभारलेल्या संस्थेत, मुलांच्या विज्ञान केंद्रात त्यांनी वर्षानुवर्षे टाकाऊ वस्तूंतून खेळणी बनवून दाखवली. २०१८ साली त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्या संकेतस्थळावर मराठीसह अनेक भाषांतली पुस्तके फुकट आहेत. घरात मोबाइल असेल तर पुस्तकाला पैसे लागत नाहीत. बारामतीतही २०२२ साली ॲग्रिकल्चरल डेव्हलपमेंट ट्रस्टच्या परिसरात विज्ञान केंद्र सुरू झाले. वस्तीतल्या मुलांची सहल तिकडे न्यायला काय हरकत आहे?

या आणि पाहा

आपण दर वंदनेत धम्माचा एक गुण म्हणतो, एहिपस्सिको. या आणि स्वतः पाहा. तथागतांनी कालामांना सांगितले, की परंपरा आहे म्हणून, ग्रंथात आहे म्हणून किंवा गुरू सांगतो म्हणून काही मानू नका, स्वतः पारखून घ्या. बाबासाहेबांनी आपल्याला याच धम्माच्या वाटेवर आणले. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने वैज्ञानिक दृष्टिकोन वाढवणे हे कलम ५१-क मध्ये प्रत्येक नागरिकाचे कर्तव्य ठरले. हे कर्तव्य भाषणाने पुरे होत नाही.

एखादा बुवा निखाऱ्यावरून चालतो आणि आपलाच शेजारी हात जोडतो. कोळसा आणि राख उष्णता फार हळू पुढे देतात आणि पाऊल निखाऱ्यावर क्षणभरच टेकते. त्यात अंगातले देवपण काही नाही. पाय रेंगाळला तर बुवाचाही भाजतो. कुणी हे करून पाहू नये, पण कारण मात्र प्रत्येकाला सांगता आले पाहिजे. कारण माहीत असलेल्या घरात बुवाची पावती फाटत नाही.

म्हणून एक सूचना करतो. विहारातल्या कपाटात बाबासाहेबांच्या ग्रंथांशेजारी एक फळी या पुस्तकांसाठी ठेवा. दर रविवारी एक तास द्या. एक प्रश्न, एक प्रयोग आणि दोन पाने मोठ्याने वाचन, एवढेच. शिकवायला प्रोफेसर शोधू नका. एका रविवारी मोटर भरणारा बोलू दे, एका रविवारी वेल्डर, एका रविवारी माठ निवडून घेणारी आजी. मुलांना कळू दे की आपल्या आईबापाला शास्त्र येते. आणि प्रयोग मुलीच्या हातात द्या. मुलाने प्रयोग करायचा आणि मुलीने मागचा पसारा झाडायचा, असे होऊ देऊ नका.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगितली पाहिजे. ही पुस्तके म्हणजे शाळा नव्हे. गणिते सोडवावीच लागतील, सूत्रेही शिकावी लागतील. शाळेतली प्रयोगशाळा कुलपात असेल तर पालकांनी एकत्र जाऊन ती उघडायला लावली पाहिजे. पुस्तक फक्त दार उघडते. पण "आपल्याला झेपायचं नाही" म्हणून जी मुलगी त्या दारापर्यंतच जात नाही, तिच्यासाठी दार उघडणे हेच पहिले काम आहे.

येत्या रविवारचा प्रश्न देऊन थांबतो. दोन अंडी घ्या, एक कच्चे, एक उकडलेले. दोन्ही ताटात भोवऱ्यासारखी फिरवा. एक छान फिरेल, एक लडबडेल. कोणते कसे आणि का? आधी मुलांना सांगू द्या. मग फिरणारे कच्चे अंडे बोटाने क्षणभर थांबवून लगेच सोडा आणि पाहा काय होते. आतला बलक तुम्हाला उत्तर देईल.

जयभीम! नमो बुद्धाय!