प्रोफेसर लँग्डन, लॉग दाखवा

'द दा विंची कोड' मी पहिल्यांदा पाहिला तो इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला, हॉस्टेलवर, सबमिशनच्या आदल्या रात्री. हार्ड डिस्क शेजारच्या खोलीतली, लॅपटॉप माझा, आणि प्रेक्षक आम्ही दोघी: मी आणि माझी वसईची रूममेट. पिक्चर संपला तेव्हा रात्रीचे तीन वाजले होते आणि मी हवेत होते. दोन हजार वर्षं दडवलेलं गुपित मला कळलं होतं! येशूचं लग्न झालं होतं, मग्दालीया मरिया त्याची बायको, त्यांना मुलगी झाली, तिचा वंश फ्रान्समध्ये अजून टिकून आहे आणि चर्चने हे सगळं मुडदे पाडून दाबलं. रूममेट कॅथलिक. तिच्याकडे वळून मी म्हणाले, "बघ, तुमच्या लोकांनी किती लपवून ठेवलंय."

ती टूथब्रश शोधत होती. "अगं, कबरीपाशी पहिली मरिया गेली होती, हे आमच्याकडे दर ईस्टरला वाचतात," ती म्हणाली. "माइकवर. लपवलं कसलं?"

मला तिची दया आली. एवढा पुरावा समोर असून हिला दिसत नाही, बिचारी.

आज मला त्या दयेची लाज वाटते, आणि हा लेख त्या 'बिचारी'बद्दल आहे. धर्माचं दडवलेलं गुपित फोडणाऱ्या सिनेमांवर नेहमीचा आरोप असतो की ते श्रद्धा दुखावतात. माझी तक्रार उलटी आहे. हे सिनेमे पुरेसे अश्रद्ध नाहीत. ते एका पोथीच्या जागी दुसरी पोथी ठेवतात आणि वर आपली पाठ थोपटतात की तू आता स्वतःच्या डोक्याने विचार करायला लागलीस.

नवी पोथी कुठून आली ते बघा. सिनेमात गुपित सांभाळणारी संघटना आहे प्रायरी ऑफ सायन. डॅन ब्राउनच्या २००३ च्या कादंबरीत सुरुवातीलाच एक पान आहे. ही संस्था १०९९ साली स्थापन झाली आणि तिची गुप्त कागदपत्रं १९७५ मध्ये पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला सापडली, असं तिथे वस्तुस्थिती म्हणून छापलंय. प्रत्यक्षात संस्था १९५६ साली फ्रान्समधल्या आनमास गावी प्येर प्लांतार नावाच्या माणसाने मित्रांसोबत रीतसर नोंदवली. सायन हे नाव जवळच्या एका टेकडीचं. जेरुसलेमचं नव्हे, आणि आपल्या शीवचं तर नव्हेच. ग्रंथालयात ती कागदपत्रं होती, कारण साठच्या दशकात ती तिथे नेऊन ठेवली गेली होती. सोबतची 'प्राचीन' चर्मपत्रं प्लांतारचा दोस्त फिलिप द शेरिसे याने बनवलेली. कोड लिहिणारे हेच, रिव्ह्यू करणारे हेच. १९९३ साली, म्हणजे कादंबरीच्या दहा वर्षं आधी, एका आर्थिक घोटाळ्याच्या चौकशीत प्लांतारने न्यायाधीशासमोर शपथेवर कबूल केलं की हे सगळं आपण रचलं.

इथपर्यंत हसून सोडून देता येईल. पुढचं नाही येत. डिसेंबर १९४० मध्ये, फ्रान्स नाझींपुढे पडल्यावर, याच प्लांतारने मार्शल पेतँला पत्र लिहून ज्यू आणि फ्रीमेसन यांच्या कटाचा इशारा दिला होता. ब्राउनने हा माल उचलला १९८२ च्या 'द होली ब्लड अँड द होली ग्रेल'मधून. (सिनेमातल्या टीबिंगचं नावच त्याच्या दोन लेखकांच्या आडनावांपासून केलेलं आहे.) आणि त्या पुस्तकात प्रायरीच्या अस्तित्वाचा भक्कम पुरावा म्हणून काय पुढे केलंय? 'प्रोटोकॉल्स ऑफ द एल्डर्स ऑफ झायन'! ज्यू लोक जगावर ताबा मिळवायचा कट करताहेत असं सांगणारं ते बनावट पुस्तक, जे लंडनच्या 'टाइम्स'ने १९२१ सालीच उचलेगिरी म्हणून उघडं पाडलं होतं आणि तरीही नाझींनी प्रचारात वापरलं.

ब्राउन किंवा दिग्दर्शक रॉन हॉवर्ड ज्यूद्वेष्टे आहेत असं मी अजिबात म्हणत नाही. मी म्हणतेय ते यंत्राबद्दल. कटाच्या गोष्टीवरचा पत्ता बदलता येतो. व्हॅटिकन खोडा, दुसऱ्या कुणाचं नाव घाला, आतलं इंजिन तेच राहतं.

ते इंजिन कसं चालतं हे मला पहिल्या नोकरीत समजलं. आमच्या एका सिस्टममध्ये रोज रात्री काही नोंदी गायब व्हायच्या. आठवडाभर डोकं फोडून मी मीटिंगमध्ये जाहीर केलं की दुसरी टीम आमचा डेटा गुपचूप डिलीट करतेय. सीनियरने विचारलं, "लॉग कुठेत?" मी म्हणाले, "लॉग नाहीत. म्हणजे त्यांनीच पुसले असणार." तो शांतपणे म्हणाला, "लॉग नाहीत याचा अर्थ लॉग नाहीत." शेवटी निघालं काय, तर सर्व्हरचं घड्याळ यूटीसीवर आणि आमची क्वेरी भारतीय वेळेवर. साडेपाच तासांच्या नोंदी भलत्याच तारखेत जाऊन बसल्या होत्या.

पुरावा नाही, म्हणजे कुणीतरी तो नष्ट केला. या एका वाक्यावर सगळा सिनेमा उभा आहे. इयन मॅकेलनचा टीबिंग 'लास्ट सपर' दाखवून सांगतो की येशूशेजारी बसलेली व्यक्ती मरिया आहे. मस्त प्रसंग आहे, आजही बघताना मजा येते. पण मग योहान गेला कुठे? चित्रात येशू धरून तेराच माणसं आहेत, त्यातली एक मरिया धरली तर शिष्य अकराच उरतात. योहान नेहमी बिनदाढीचा, कोवळा काढायची तेव्हाची रीतच होती. मग फिलिपच्या शुभवर्तमानाचा दाखला येतो: मरिया येशूची 'सोबती', आणि सोबती म्हणजे पत्नी. कादंबरीत तर यासाठी अरामी भाषेच्या तज्ज्ञांची साक्ष काढली आहे. इजिप्तमध्ये नाग हम्मादीजवळ १९४५ साली सापडलेली ती प्रत कॉप्टिक भाषेत आहे आणि तिथला शब्द मूळ ग्रीक. येशू तिचं चुंबन कुठे घ्यायचा, ते लिहिलेल्या जागी पान फाटलंय. अक्षरशः भोक आहे. त्या भोकात आपण सगळ्यांनी ओठ भरले. आणि ज्याला दडवलेलं म्हणायचं, ते पुस्तक १९७७ पासून इंग्रजी भाषांतरात कुणालाही विकत घेता येतंय.

न्याय म्हणून सांगते, सिनेमातला लँग्डन मध्येमध्ये टीबिंगला टोकतो. पण अडीच तासांनंतर तोच गुडघे टेकतो.

मला सगळ्यात जास्त राग येतो तो सिनेमातल्या बायकांबाबत. चर्चने स्त्रीला दाबलं, हा सिनेमाचा मोठा दावा. दाबलंच. सहाव्या शतकाच्या अखेरीस पोप ग्रेगरी पहिला याने प्रवचनात मरिया आणि शुभवर्तमानातली एक निनावी पापी स्त्री एकच असल्याचं सांगितलं आणि पुढे शतकानुशतकं ती पश्चात्तापदग्ध वेश्या म्हणून रंगवली गेली. कॅथलिक चर्चने ही सरमिसळ १९६९ मध्ये आपल्या दिनदर्शिकेतून काढली. याला गुप्त संघटना लागली नाही. भर प्रवचनात झालं, सगळ्यांदेखत.

आणि सिनेमा तिला काय परत देतो? गर्भाशय. ग्रेल म्हणजे पेला नाही, ती स्वतःच पेला, राजरक्त वाहून नेणारं भांडं. ज्या बाईने पुनरुत्थानाची बातमी सगळ्यांत आधी सांगितली, तिची साक्ष पुसून तिच्या हातात वंशावळ द्यायची, याला सन्मान म्हणतात! सोफीचंही तेच. पोलिसातली क्रिप्टोग्राफर, पण सिनेमाभर दोन पुरुष तिला शिकवणी देतात आणि शेवटी कळतं की ती महत्त्वाची आहे ती कुणाच्या पोटी आली म्हणून. कुळ आणि रक्त यांवरून माणसाची किंमत ठरवण्यात आपण काय कमी मुरलेलो आहोत, की ते फ्रान्सहून मागवावं?

"अगं, करमणूक आहे, एवढं काय मनावर घ्यायचं?" हे मला हमखास ऐकवलं जातं. मग 'स्पॉटलाइट' बघा, २०१५ चा. त्यातही चर्चचं गुपित आहे, आणि ते खरं आहे. बॉस्टनमध्ये लहान मुलांवर अत्याचार करणाऱ्या पाद्र्यांना वरिष्ठांनी वर्षानुवर्षं एका पॅरिशमधून दुसऱ्या पॅरिशमध्ये हलवलं. 'बॉस्टन ग्लोब'च्या पत्रकारांनी ते बाहेर काढलं ते चर्चच्या जुन्या वार्षिक डिरेक्टऱ्या चाळून. कोण पाद्री कधी 'आजारपणाच्या रजे'वर गेला, ते ओळीओळीने स्प्रेडशीटमध्ये भरून. कागद खुले करायला कोर्टात जाऊन. पीडितांच्या दारात उभं राहून. जानेवारी २००२ मध्ये बातमी छापून आली, डिसेंबरमध्ये कार्डिनल लॉ यांनी राजीनामा दिला, आणि २००४ मध्ये त्यांना रोममधल्या एका मोठ्या बॅसिलिकात मानाचं पद मिळालं. खऱ्या गुपिताचा शेवट हा असा असतो. 'स्पॉटलाइट'ला ऑस्कर मिळालं, पण त्याची कमाई दहा कोटी डॉलरच्या आत राहिली. 'दा विंची कोड'ची सुमारे ७६ कोटी. ज्या चर्चकडे खरोखर लपवण्यासारखं काही होतं, त्याला येशूच्या बायकोवरचा वाद परवडण्यासारखाच होता.

आणि आपल्याकडे? २००६ मध्ये सेन्सॉरने हा सिनेमा काल्पनिक असल्याची पाटी लावायला लावली. तरी गोवा, पंजाब, नागालँड, तमिळनाडू, आंध्र अशा राज्यांनी बंदी घातली. आंध्र आणि तमिळनाडूतली पुढे उच्च न्यायालयांनी उठवली. बंदीला माझा तेव्हाही विरोध असता, आजही आहे. त्यात शुद्ध मूर्खपणाही होता: 'हे तुम्हाला कळू देणार नाहीत' असं सांगणाऱ्या सिनेमाला सरकारांनी फुकटात साक्षीदार मिळवून दिला.

मागच्या वर्षी आमच्या फॅमिली ग्रुपवर काकांनी एक फॉरवर्ड टाकला. एका समाजाचा काही शतकांपासूनचा कट, 'हे तुम्हाला पुस्तकात सापडणार नाही'. मी दोन तास खर्च करून एकेक दावा तपासला, लिंका दिल्या. काकांचं उत्तर एका ओळीत आलं: "बेटा, ते पुस्तकात येऊ देतीलच कशाला?" आणि खाली हात जोडल्याची इमोजी. मला कळेना हे वाक्य कुठे ऐकलंय. मग आठवलं. दया आली होती त्यांना माझी.

त्या रात्री मी रूममेटला फोन केला. ती आता विरारला असते. हॉस्टेलवरच्या त्या रात्रीबद्दल माफी मागायची होती. तिला ती रात्र आठवतच नव्हती. "पिक्चर? कोणता गं?" ती म्हणाली. "मला एवढंच आठवतं की दुसऱ्या दिवशीचं सबमिशन तू माझं बघून उतरवलंस. माझ्या चुकांसकट."