इमारतीची नोंद आहे, बांधणाऱ्यांचीही व्हावी : भुकूम परिसरातील कामगारांचे निवेदन

प्रति,
मा. अपर कामगार आयुक्त, पुणे

विषय : भुकूम (ता. मुळशी, जि. पुणे) व परिसरातील बांधकाम कामगार, घरकामगार, सुरक्षारक्षक आणि कंत्राटी कामगार यांची नोंदणी, वेतन व सुरक्षितता यांबाबत.

महोदय,

चांदणी चौक मागे टाकून पौड रस्त्याला लागले की भूगावनंतर भुकूम येते. रामनदी खाटपेवाडीच्या बाजूने उगम पावते. तिच्या काठची भातखाचरे आणि वरचे माळ हळूहळू गृहप्रकल्पांखाली गेले. प्रत्येक प्रकल्पाची एक फाईल असते. तिच्यात सातबारा, बिगरशेतीचा आदेश, पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने मंजूर केलेला नकाशा, वास्तुविशारदाची सही, महारेराचा क्रमांक असे सगळे असते. स्लॅबला किती सळई लागली हेसुद्धा कागदावरून सांगता येते. ती सळई वाकवणारा कोण, परात डोक्यावर घेऊन मजले चढणारी कोण, तिला त्या दिवसाची हजेरी मिळाली की नाही, हे मात्र मुकादमाच्या वहीत असते आणि काम संपले की मुकादमाबरोबर ती वहीही निघून जाते.

प्रस्तुत निवेदन सादर करणारे गवंडी, बिगारी, सेंट्रिंगवाले, घरकामगार महिला, सोसायट्यांचे रक्षक आणि पिरंगुटकडच्या कारखान्यांतले कंत्राटी कामगार आपल्या कार्यालयाकडे मुख्यतः एकच गोष्ट मागत आहेत. त्यांची नोंद व्हावी. वेळेवर पगार, अपघाताची भरपाई, मुलांसाठी पाळणाघर हे हक्क कायद्यात आहेत, पण ज्याची नोंद नाही त्याच्या हाती यातले काहीच लागत नाही.

महाराष्ट्रातल्या कामगार चळवळीची सुरुवातच अशा एका निवेदनाने झाली. नारायण मेघाजी लोखंडे हे जोतीराव फुले यांचे सत्यशोधक सहकारी. मुंबईत मांडवीच्या गिरणीत स्टोअरकीपर असताना त्यांनी गिरणीतले हाल जवळून पाहिले. कृष्णराव भालेकरांनी १८७७ मध्ये पुण्यात काढलेले ‘दीनबंधु’ पत्र १८८० पासून लोखंडे मुंबईतून चालवू लागले. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यांनी गिरणी कामगारांच्या सभा भरवल्या. सरकारने नेमलेल्या फॅक्टरी कमिशनसाठी या सभांतून जो अर्ज तयार झाला, त्यावर सुमारे साडेपाच हजार कामगारांनी सह्या केल्या. त्यातल्या मागण्या अशा होत्या : दर रविवारी सुटी मिळावी. दुपारी अर्धा तास विश्रांती असावी. काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला थांबावे. महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत हातात पडावा. कामावर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत पगार मिळावा आणि कायमचा अपंग झालेल्याच्या पोटापाण्याची सोय व्हावी.

या मागण्यांपैकी पगाराची तारीख आणि अपघातानंतरची सोय भुकूमच्या बांधकामांवर आजही तशाच्या तशा मागाव्या लागतात, याची नोंद आपल्या कार्यालयाने घ्यावी.

लोखंडे अर्ज देऊन थांबले नाहीत. २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीला सुमारे दहा हजार कामगार जमले. त्या सभेत दोन कामगार स्त्रियाही बोलायला उभ्या राहिल्या. त्या काळात भर सभेत बाईने बोलणे केवढे मोठे होते, हे वेगळे सांगायला नको. त्याच वर्षी १० जूनला गिरणीमालकांच्या संघाने रविवारची सुटी मान्य केली. आज शहरातला नोकरदार रविवार गृहीत धरतो, पण तो कामगारांनी सह्या आणि अंगठे उमटवून मिळवलेला आहे. भुकूममधल्या कित्येक साईटवर मात्र सुटीचा दिवस म्हणजे खाडा, आणि खाड्याची मजुरी कापली जाते.

पुढचा इतिहास आपल्या कार्यालयाला परिचित आहे, तेव्हा तो थोडक्यात. जुलै १९०८ मध्ये लोकमान्य टिळकांना शिक्षा झाली तेव्हा मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस संप केला. ३१ ऑक्टोबर १९२० रोजी मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस स्थापन झाली. लाला लजपत राय तिचे पहिले अध्यक्ष, आणि ती उभी करणाऱ्यांत नारायण मल्हार जोशी अग्रभागी होते. अपघाताच्या नुकसानभरपाईचा कायदा १९२३ मध्ये आला आणि कामगार संघटनांना कायदेशीर अस्तित्व देणारा कायदा १९२६ मध्ये. १९२८ च्या सहा महिन्यांच्या गिरणी संपातून गिरणी कामगार युनियनचा लाल बावटा वर आला. त्याच संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी विचारले की चांगला पगार असलेल्या विणकाम खात्याची दारे अस्पृश्य कामगारांना बंद का? त्या प्रश्नाने चळवळीला स्वतःकडेही पाहायला लावले. मालकाकडून न्याय मागणाऱ्या संघटनेने आपल्यातल्या उतरंडीवर गप्प राहायचे नसते. १९४२ ते १९४६ या काळात बाबासाहेबांनी व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खाते सांभाळले, आणि कारखान्यातल्या कामाचा आठवडा ४८ तासांवर आणणारी दुरुस्ती १९४६ मध्ये झाली.

भुकूमचा गवंडी स्त्रीपुरुषांच्या हजेरीतला फरक सांगतो तेव्हा तो आपल्यातल्या उतरंडीबद्दलचा बाबासाहेबांचाच प्रश्न असतो. जोडीने कामाला येणाऱ्या नवराबायकोत पुरुषाला जास्त आणि बाईला कमी, आणि दोघांची मजुरी पुरुषाच्या हातात, ही रीत अनेक ठिकाणी चालते. समान वेतनाचा कायदा १९७६ मध्येच झाला. तपासणीसाठी येणाऱ्या अधिकाऱ्याने बाईला बाजूला घेऊन स्वतंत्र विचारावे, एवढ्यानेही बरेच उघड होईल.

मुळशी तालुक्याला लढा नवा नाही. १९२१ च्या रामनवमीला मुळशी पेट्यातल्या शेतकऱ्यांनी टाटा कंपनीच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह सुरू केला. सेनापती बापट त्याचे नेते होते आणि ‘जान किंवा जमीन’ ही घोषणा होती. धरण झाले, गावे पाण्याखाली गेली आणि वीज सह्याद्री उतरून मुंबईकडे गेली. तिच्यावर तिथल्या गिरण्या चालल्या. इथे जमीन गमावलेला शेतकरी आणि तिथे रात्रपाळी करणारा गिरणी कामगार एकाच तारेला जोडलेले होते, तरी त्यांची एकमेकांशी गाठ पडली नाही. आज तालुक्यातल्या जमिनीवर इमारती उभ्या राहत आहेत. जमीन विकून गुंठ्याच्या पैशावर थोडे दिवस काढलेली स्थानिक माणसे आणि परराज्यांतून, मराठवाड्यातून आलेले मजूर एकाच सोसायटीच्या फाटकावर काम शोधत उभे असतात. या निवेदनावर दोघांच्याही सह्या आहेत, आणि निवेदनकर्त्यांना ती या कागदातली सर्वांत मोलाची गोष्ट वाटते.

‘यांचा मालक कोण, हेच ठरत नाही, मग नोंद कशी करायची?’ हे उत्तर कामगारांना नेहमी ऐकवले जाते. त्याचा निकाल महाराष्ट्राने पन्नास वर्षांपूर्वीच लावला आहे. बाजारातला हमाल एका दिवसात पाच दुकानांचा माल उचलतो, मग त्याचा मालक कोण? मुंबईत अण्णासाहेब पाटील आणि पुण्यात डॉ. बाबा आढाव यांची हमाल पंचायत या प्रश्नाला भिडले. त्यातून १९६९ चा माथाडी कायदा झाला. या कायद्याने हमालांची टोळी मंडळाकडे नोंदवली जाते. माल ज्याचा, तो व्यापारी मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही मंडळात भरतो, आणि मंडळ हमालाला पगार, भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, रजेचे पैसे देते. एकच कायमचा मालक नसला तरी कायमचा हक्क असू शकतो, हे या कायद्याने व्यवहारात दाखवले. खासगी सुरक्षारक्षकांसाठी राज्याने १९८१ मध्ये याच धर्तीवर कायदा केला. भुकूमच्या सोसायट्यांत बारा तासांची पाळी करणाऱ्या रक्षकांना त्या कायद्याचे नावही कुणी सांगितलेले नाही. त्यांची नोंद मंडळात आहे का, जादा तासांचे दुप्पट दराने पैसे मिळतात का, हे आपल्या निरीक्षकांनी तपासावे.

घरकामगारांचा मार्गही पुण्यानेच दाखवला. १९८० मध्ये पुण्यातल्या मोलकरणींनी उत्स्फूर्त संप केला आणि त्यातून त्यांची संघटना उभी राहिली. आजारपणात मिळणारी सुटी, पगारवाढ आणि दिवाळीचा बोनस या गोष्टी त्यांनी घरोघरी बोलून मिळवल्या. २००८ मध्ये राज्याने घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला. या मंडळाच्या नोंदणीचे शिबिर भुकूम ग्रामपंचायतीत संध्याकाळी सहानंतर भरवावे, कारण त्याआधी या बाया चार घरची भांडी घासत असतात.

बांधकाम कामगारांचा विषय सर्वांत मोठा आहे. त्यांच्या हिताचे दोन केंद्रीय कायदे १९९६ मध्ये झाले, महाराष्ट्राचे नियम २००७ मध्ये आले आणि राज्याचे कल्याणकारी मंडळ २०११ मध्ये. बांधकामाच्या खर्चावर एक टक्का उपकर घेतला जातो. त्यातून नोंदीत कामगाराच्या मुलांना शिष्यवृत्ती, बाळंतपणाला मदत आणि मृत्यूनंतर वारसांना अर्थसहाय्य मिळायचे असते. वय १८ ते ६० आणि मागच्या बारा महिन्यांत ९० दिवस काम, एवढीच नोंदणीची मूळ अट आहे. गाडे अडते ते या ९० दिवसांच्या दाखल्यावर. ठेकेदार दाखला देत नाही, कारण दिला तर त्याच्याकडे कामगार होता हे सिद्ध होते. ग्रामसेवक म्हणतात, बाहेरगावच्या मजुराची खात्री आम्ही कशी करणार? मग दलाल पुढे येतो आणि पैसे घेऊन कागद करून देतो. खरा गवंडी बाहेर राहतो, आणि ज्याने कधी थापी धरली नाही त्याच्या नावाने मंडळाची साहित्याची पेटी येते.

यावर निवेदनकर्त्यांची सूचना अशी की बांधकाम परवानगीची फाईल आणि कामगारांची यादी एकमेकींना जोडाव्यात. ज्या प्रकल्पाचा उपकर भरून घेतला, त्याच्या जागेवरील हजेरीपट दर महिन्याला आपल्या कार्यालयाकडे यावा, त्याची प्रत फाटकावर मराठी व हिंदीत लावावी, आणि त्या हजेरीपटावरून ९० दिवसांचा दाखला आपोआप मिळावा. दाखला मागण्याचे ओझे मजुरावरून काढून देण्याचे ओझे विकासकावर टाकावे. प्राधिकरणाने भोगवटा प्रमाणपत्र देताना कामगारांची थकबाकी नसल्याची खातरजमा करावी. मुकादम पैसे न देता पसार झाला तर मूळ मालकाने मजुरी द्यायची, ही तरतूद कंत्राटी कामगारांच्या १९७० च्या कायद्यातच होती. तिची अंमलबजावणी व्हावी.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रमसंहिता लागू झाल्या आणि वरचे बरेच केंद्रीय कायदे त्यांत सामावले गेले. संपाआधी चौदा दिवसांच्या नोटिशीची अट सर्व उद्योगांना लावण्यास कामगार संघटनांचा विरोध आहे, आणि निवेदनकर्ते त्या विरोधात सामील आहेत. मात्र याच संहितांत प्रत्येक कामगाराला नेमणूकपत्र देणे बंधनकारक केले आहे. मासिक पगार पुढच्या महिन्याच्या सात तारखेच्या आत आणि कामावरून काढल्यास हिशेब कामकाजाच्या दोन दिवसांत द्यायचा आहे. भुकूममध्ये आज नेमणूकपत्र असलेला बिगारी शोधून सापडणार नाही. निदान या तरतुदींची सुरुवात इथून व्हावी.

सुरक्षिततेबद्दल या तालुक्याला दुसऱ्या कुठल्या उदाहरणाची गरज नाही. ७ जून २०२१ रोजी पिरंगुटजवळच्या उरवडे येथील रसायनांच्या कारखान्यात आग लागली आणि १७ कामगार गेले. त्यांत १५ महिला होत्या. आत पोहोचण्यासाठी जेसीबीने भिंत फोडावी लागली. देह इतके जळाले होते की ओळख पटवायला डीएनए चाचणी करावी लागली. तुटपुंज्या पगारासाठी गावागावांतून गेलेल्या त्या बाया होत्या आणि त्यांची घरे याच तालुक्यात, याच रस्त्याच्या आजूबाजूला आहेत. उरवडेनंतर किती कारखान्यांची तपासणी झाली, त्यांत काय आढळले आणि काय सुधारले, याचा तालुक्यापुरता अहवाल औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाकडून मागवून ग्रामपंचायतींना द्यावा. बांधकामांवरही परांचीला जाळी, उंचीवर काम करणाऱ्याला पट्टा, लिफ्टच्या खड्ड्याला कठडा आहे की नाही, हे अपघाताआधी पाहिले जावे. जिथे ५० कामगार आहेत तिथे पाळणाघर हवे. वाळूच्या ढिगाऱ्यावर झोपवलेली मुले पौड रस्त्यावरून जाणाऱ्या प्रत्येकाला दिसतात.

शिवाजीनगरच्या कार्यालयात येण्याने मजुराची एक दिवसाची हजेरी बुडते. म्हणून हे निवेदन मिळाल्यापासून तीस दिवसांच्या आत, संध्याकाळच्या वेळी, भुकूम ग्रामपंचायतीत संयुक्त बैठक बोलवावी. तिला विकासक, ठेकेदार, प्राधिकरणाचे प्रतिनिधी आणि कामगारांनी निवडलेल्या किमान निम्म्या स्त्रिया असलेल्या प्रतिनिधींना बोलवावे. बैठकीचे इतिवृत्त आठवड्यात लेखी मिळावे आणि कोणत्या मागणीवर कोणता अधिकारी कोणत्या तारखेपर्यंत काय करणार, हे त्यात नोंदवावे. निवेदनावर सही किंवा अंगठा करणाऱ्या एकाही कामगाराला त्या कारणाने कामावरून कमी केले जाणार नाही, असे पत्र सर्व विकासकांना व सोसायट्यांना बैठकीआधी पाठवावे.

आपले,
भुकूम व परिसरातील कामगार
(सह्या व अंगठे सोबत जोडले आहेत)

प्रत माहितीसाठी व कार्यवाहीसाठी :
महानगर आयुक्त, पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण. औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालय, पुणे. तहसीलदार, मुळशी (पौड). सरपंच, ग्रामपंचायत भुकूम