स्फटिक, सोने आणि तांबे

अद्भुतकथांच्या जगात एक दुर्मीळ स्फटिक वारंवार भेटतो. एखाद्या निर्मनुष्य गुहेत तो दडलेला असतो आणि नायकाने हाती घेताच कधीच्या काळी मरून गेलेल्या माणसांच्या आठवणी त्यातून जशाच्या तशा उलगडू लागतात. नायकाला भाषा शिकावी लागत नाही, लिपी लावावी लागत नाही, साक्षीवर शंकाही घ्यावी लागत नाही. विस्मरणाला भिणाऱ्या माणसाला ही कल्पना मोहवणार हे उघड आहे. मात्र तिच्या मुळाशी एक गृहीतक आहे : आठवण वस्तूत असते; वस्तू जपली की आठवण जपली. हे गृहीतक कथांपुरतेच असते तर वाद नव्हता. पण वारशाविषयीचे आपले बरेचसे बोलणे त्यावरच उभे असते. ते तपासून पाहायचे तर रायगड जिल्ह्यातल्या दिवेआगरसारखे दुसरे गाव नाही. भूतकाळ जपणारे दोन धातू या एकाच गावाच्या वाट्याला आले आहेत.

पहिला धातू सोन्याचा. १७ नोव्हेंबर १९९७ रोजी इथल्या एका बागेत खोदकाम करताना तांब्याची पेटी सापडली आणि तिच्यातून सोन्याचा गणेश निघाला. गावाचे नाव सर्वदूर झाले. २४ मार्च २०१२ च्या पहाटे मंदिरावर दरोडा पडला. दोन पहारेकऱ्यांचे प्राण गेले, मूर्ती चोरीस गेली आणि पुढे वितळवली गेली. २०१७ साली अलिबागच्या न्यायालयाने गुन्हेगारांना शिक्षा सुनावली. हस्तगत झालेल्या सोन्यातून नवी मूर्ती घडवण्यात आली व २३ नोव्हेंबर २०२१ रोजी तिची स्थापना झाली.

ही तीच मूर्ती आहे काय? कारागिराचा हात वेगळा, घडण वेगळी. जुन्या शिल्पकाराने उमटवलेली रेषा मुशीत कायमची गेली. वस्तू म्हणून पाहिले तर उत्तर नकारार्थीच द्यावे लागेल. तरीही गणेश परतला असे गावाला वाटले, आणि त्यांचे वाटणे आम्हांला भाबडे वाटत नाही. साडेनऊ वर्षे गाभाऱ्यात सुवर्णगणेश नव्हता, पण त्याची आठवण गावात होती. माणसे त्याच्याविषयी बोलत राहिली, सोने परत मागत राहिली. आठवण सोन्यात असती तर ती मुशीतच संपली असती.

दुसरा धातू तांब्याचा. दिवेआगरला सापडलेला शके ९८२ चा, म्हणजे इ. स. १०६० चा ताम्रपट हा मराठीतील अगदी आरंभीच्या लेखांपैकी एक होय. शं. गो. तुळपुळे यांच्या ‘प्राचीन मराठी कोरीव लेख’ (१९६३) या ग्रंथामुळे तो अभ्यासकांच्या हाताशी आला. तो कोणी वितळवला नाही. साडेनऊशेहून अधिक वर्षे त्याची अक्षरे टिकून आहेत. पण आज तो किती जणांना वाचता येतो? मराठीच्या एम. ए.च्या वर्गात दिवेआगर हे नाव येते ते भाषेच्या इतिहासातील एका ओळीपुरते. विद्यार्थी सनावळी पाठ करतो, लेख वाचत नाही. दिवेआगरने आपल्यापुढे ठेवलेला विरोधाभास असा : वितळलेली वस्तू स्मरणात राहिली आणि शाबूत असलेली विस्मरणात चालली.

कोरीव लेख हा स्फटिक नव्हे. त्याचा ठसा घ्यावा लागतो, झिजलेले अक्षर शेजारच्या अक्षराशी ताडून पाहावे लागते, तिथी-वार गणिताने पडताळावे लागतात. श्रवणबेळगोळचा मराठी लेख एके काळी इ. स. ९८३ चा मानला जाई; आता तो बाराव्या शतकाच्या आरंभीचा मानतात. अलिबागजवळच्या आक्षी येथील शिलालेखाच्या शकाविषयीही मतभेद आहेत. दगड तेच राहिले, बदलले ते वाचन. भूतकाळ आपल्यापुढे आपोआप उलगडत नाही. प्रत्येक पिढीला तो नव्याने वाचावा लागतो.

विज्ञानाने आता कथेतला स्फटिक जवळजवळ प्रत्यक्षात आणला आहे. इंग्लंडमधील साउदॅम्प्टन विद्यापीठातील संशोधकांनी लेसरच्या साहाय्याने क्वार्ट्‌झच्या काचेत माहिती कोरण्याचे तंत्र विकसित केले आणि २०२४ साली अशा एका चकतीत मानवी जनुकसंच साठवला. त्या चकतीवर त्यांनी ती कशी वाचावी हे सांगणारी चित्रेही कोरली आहेत! अब्जावधी वर्षे टिकेल असा दावा असलेल्या वस्तूच्या निर्मात्यांनाही वाचकाची चिंता वाहावी लागली. आपण मात्र ती चिंता करायला तयार नाही.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा देण्यास मान्यता दिली. आनंद झालाच पाहिजे. परंतु भाषेच्या प्राचीनत्वाचे पुरावे म्हणून ज्या लेखांची नावे आपण अभिमानाने घेतो, ते वाचू शकणारी माणसे घडवली नाहीत, तर हा दर्जाही पेटीत ठेवलेल्या सोन्यासारखाच ठरेल. स्मारके, दालने आणि अंकीय प्रती अवश्य व्हाव्यात. पण त्याआधी प्रत्येक मराठी विभागात वर्षाकाठी एक तरी कोरीव लेख ठशावरून, अक्षर लावत वाचला जावा, आणि त्याची सुरुवात दिवेआगरच्या ताम्रपटापासून व्हावी. एवढ्यासाठी मोठा निधी लागत नाही. लागतो तो लिपी शिकवणारा एक शिक्षक आणि चुकत-माकत वाचायला तयार असलेले चार विद्यार्थी.